हरवलेल्या हशाची कहाणी

दिवाळीच्या सुट्टीला चार दिवस उरले, की शिकवणे हा एक सोपस्कार होऊन बसतो. मुलांचे शरीर बाकावर असते आणि मन गावच्या एस. टी.त. गेल्या वर्षी अशाच एका दुपारी मी वर्गावर ॲरिस्टॉटल शिकवत होते. मराठी घेऊन एम. ए. करणाऱ्याला हा ग्रीक पंडित चुकत नाही. गो. वि. करंदीकरांनी, म्हणजे आपल्या विंदांनी, त्याचे काव्यशास्त्र १९५७ साली मराठीत आणले, तेव्हापासून तर नाहीच. शोकात्मिका म्हणजे काय, तिचा नायक कसा असावा, भीती आणि करुणा यांचे शेवटी काय होते, हे सारे मी क्रमांक घालून फळ्यावर लिहीत होते आणि मुले निमूटपणे उतरवून घेत होती.

तेवढ्यात मागच्या बाकावरची एक मुलगी उठली. "मॅडम, रडवणाऱ्या नाटकाबद्दल यांनी इतकं लिहिलं. हसवणाऱ्या नाटकाबद्दल काहीच नाही?"

"लिहायचं कबूल केलं होतं," मी म्हटले. "सहाव्या प्रकरणाच्या आरंभी तो सांगतो, की सुखात्मिकेविषयी पुढे बोलू. पण तसा भाग आपल्यापर्यंत आलेला नाही. हरवला."

"कसा हरवला?"

"काळाच्या ओघात," मी म्हटले. आम्हा मास्तर लोकांचे हे हुकमी उत्तर. त्यात सगळे मावते आणि काहीच सांगावे लागत नाही. मुलगी खाली बसली, पण तिचे समाधान झाले नव्हते हे मला दिसत होते. त्याच क्षणी खिडकीजवळच्या एका मुलाने विचारले, "मॅडम, हे परीक्षेला येणार का?" वर्ग खळखळून हसला, घंटा झाली आणि मी सुटले.

परंतु तो प्रश्न काही सुटला नाही. सुट्टीत एकीकडे चकल्या तळाव्या आणि एकीकडे पुस्तके चाळावी, असा माझा उद्योग चालला. मला ग्रीक येत नाही. भाषांतरे आणि अभ्यासकांचे ग्रंथ हाच माझा आधार. पण वाचता वाचता एक गंमत ध्यानात आली. ती मुलगी आणि तो मुलगा यांनी विचारलेले दोन प्रश्न मुळात एकच होते. ग्रीकांची नाटके कशी हरवली आणि कोणती उरली, याचे बरेचसे उत्तर 'ती परीक्षेला होती का?' या प्रश्नात दडलेले आहे.

आधी त्या नाटकांच्या घरी जाऊन येऊ. इ. स. पू. पाचव्या शतकातले अथेन्स. वसंत ऋतूत, मार्चच्या सुमारास, डायोनायसस या मद्याच्या देवाचा मोठा उत्सव भरे. अक्रोपोलिस टेकडीच्या दक्षिण उतारावर, उघड्या आभाळाखाली हजारो माणसे नाटके पाहायला बसत. नाटक म्हणजे तिथे स्पर्धाच. तीन शोककवी निवडले जात. प्रत्येकाच्या तीन शोकात्मिका आणि वर, तोंडाची चव बदलावी म्हणून, अर्धवट पशू असलेल्या सॅटर नावाच्या वनचरांचे एक धांगडधिंग्याचे नाटक. इ. स. पू. ४८६ पासून विनोदी नाटकांनाही उत्सवात रीतसर जागा मिळाली. एरवी पाच कवींचे एकेक नाटक होई. गायकवृंदाच्या तालमीचा आणि पोशाखांचा खर्च शहरातल्या एखाद्या धनिकाच्या माथी मारला जाई. नटांना मुखवटे असत आणि स्त्रियांची कामे पुरुषच करत. बालगंधर्वांच्या मुलखातल्या माणसांना याचे नवल वाटू नये.

म्हणजे एका उत्सवात सतरा नवी नाटके! हिवाळ्यातला लेनाया नावाचा उत्सव वेगळा. शंभर वर्षांचा हिशेब वाचकांनीच करावा. एकट्या सॉफोक्लीसने शंभराहून अधिक नाटके लिहिली. आणि पोथ्यांच्या परंपरेने आपल्या हाती संपूर्ण अशी किती आली? एस्किलसची सात, सॉफोक्लीसची सात, युरिपिडीसची एकोणीस आणि ॲरिस्टोफेनिसची अकरा. एकूण चव्वेचाळीस. त्यांतलीही एक-दोन खरोखर त्याच कवींची का, याबद्दल पंडितांत वाद आहे. बाकीच्या कवींची नुसती नावे, नाटकांची शीर्षके आणि इतरांनी उद्धृत केल्यामुळे वाचलेल्या तुटक ओळी.

या चव्वेचाळिसांतली अकरा विनोदी नाटके एकाच माणसाची आहेत. ॲरिस्टोफेनिसचे उमेदीचे दिवस युद्धात गेले. अथेन्स आणि स्पार्टा यांचे युद्ध इ. स. पू. ४३१ मध्ये पेटले ते ४०४ पर्यंत चालले. शिवारे जळाली, खेड्यांतली माणसे शहराच्या तटबंदीआड कोंडली गेली, महामारी आली. अशा शहरात बसून हा गृहस्थ विनोद करत होता. ४२५ मधल्या 'अकार्नियन्स' नाटकातला शेतकरी लोकसभेत जाऊन बसतो आणि तह करा म्हणतो. कोणी ऐकत नाही असे दिसल्यावर तो शत्रूशी स्वतःपुरता, घरगुती तह करून टाकतो! सारे शहर लढते आहे आणि हा आपल्या दाराशी बाजार मांडून शत्रूच्या मुलखातली चविष्ट वाम मासळी विकत घेतो आहे.

युद्धाचा मोठा पुरस्कर्ता होता क्लीऑन नावाचा पुढारी. आदल्याच वर्षीच्या एका नाटकावरून त्याने कवीला नगरमंडळापुढे खेचले होते. कवीने ४२४ मध्ये 'नाइट्स' लिहून उत्तर दिले. त्यात क्लीऑनला एक लबाड, आरडाओरडा करणारा गुलाम करून टाकले आणि त्याच्यावर मात करायला त्याहून मोठ्या आवाजाचा एक फेरीवाला उभा केला. स्वतः क्लीऑनला नाट्यगृहात पुढच्या रांगेत बसण्याचा मान होता! अथेन्सकरांनी नाटकाला पहिले बक्षीस दिले आणि क्लीऑनचे वजनही तसेच राहू दिले. लोकशाहीची ही तऱ्हा आपल्याला अनोळखी नाही.

पण ते हसू निरुपद्रवी होते असेही म्हणता येत नाही. ४२३ मधल्या 'क्लाउड्स' मध्ये त्याने सॉक्रेटिसाला टोपलीत बसवून हवेत टांगला. मुलाच्या घोड्यांच्या शोकापायी कर्जबाजारी झालेला एक बाप, सावकारांना बुडवण्याची विद्या शिकायला त्याच्या शाळेत येतो. शेवटी विद्या मुलगाच शिकतो, बापाला बडवतो आणि ते कसे योग्य आहे हे तर्काने सिद्ध करून दाखवतो. नाटक स्पर्धेत शेवटचे आले. परंतु चोवीस वर्षांनी, ३९९ मध्ये, खरा सॉक्रेटिस न्यायासनापुढे उभा राहिला, तेव्हा लोकांच्या मनात आपल्याविषयी विष कोणी कालवले हे सांगताना तो या विनोदी नाटकाची आठवण काढतो, असे प्लेटोने लिहून ठेवले आहे.

४११ मधल्या 'लिसिस्ट्राटा' मध्ये दोन्ही पक्षांच्या बायका एक होतात, अक्रोपोलिसवरचा खजिना ताब्यात घेतात आणि तह होईपर्यंत नवऱ्यांना जवळ येऊ द्यायचे नाही अशी शपथ घेतात. सर्व कुटुंबाने वाचायच्या या अंकात अधिक तपशील देत नाही. एवढेच सांगते, की त्याची भाषा भाषांतर करणाऱ्यांना पिढ्यान् पिढ्या घाम फोडत आली आहे.

आता प्रश्न असा, की इतके शिवराळ, इतके स्थानिक, ज्याच्या त्याच्या नावाने टोपी उडवणारे लेखन दोन हजार चारशे वर्षे टिकले कसे? आणि बाकीचे गेले कुठे?

सर्वसाधारण समजूत अशी, की अलेक्झांड्रियाचे ग्रंथालय जळाले आणि सगळे संपले. आग मोठी सोयीची असते. तिच्यावर सारे ढकलून मोकळे होता येते. वास्तविक ग्रंथ हरवायला आग लागत नाही. त्या काळी पुस्तक म्हणजे पपायरसची हाताने लिहिलेली गुंडाळी. ती काही पिढ्यांत झिजे, तुटे. तिच्यावरून कोणी नवी प्रत केली तर ग्रंथ जगला. नाहीतर कोणाचे काही भांडण नसताना, कोणाच्या लक्षातही न येता तो संपला. पुढे गुंडाळ्या जाऊन बांधीव पानांची पुस्तके आली, तेव्हा जे नव्या पुस्तकात उतरवले ते राहिले. नवव्या-दहाव्या शतकांत बायझंटाइन लेखनिकांनी जुनी मोठी अक्षरे सोडून जलद, बारीक लिपी धरली, तेव्हा पुन्हा तेच. घर बदलताना सामान गळते तसे प्रत्येक मुक्कामाला काही ना काही मागे पडत गेले.

नाटके जपण्याची हौस कोणाला नव्हती असे नाही. इ. स. पू. चौथ्या शतकात अथेन्सच्या लायकर्गसने तीन थोर शोककवींच्या अधिकृत प्रती करवून सरकारी दप्तरात ठेवल्या. गॅलेन नावाच्या प्रसिद्ध वैद्याने पुढची गोष्ट सांगितली आहे. इजिप्तच्या टॉलेमी राजाने या प्रती नक्कल करण्यासाठी उसन्या मागितल्या आणि पंधरा टॅलेंट चांदी अनामत ठेवली. मग सुरेख कागदावर नकला करवल्या, नकला अथेन्सला परत धाडल्या, मूळ प्रती आपल्याकडे ठेवून घेतल्या आणि अनामत तुम्हीच ठेवा म्हणून कळवले! पुस्तक नेऊन परत न देणाऱ्या माणसांना यापेक्षा थोर पूर्वज मिळणार नाही. पण एवढी किंमत मोजूनही त्या मूळ प्रती आज नाहीत. राजे ग्रंथ जमवू शकतात. तो जगवायला पिढ्यान् पिढ्या नकला करणारे हात लागतात.

ते हात कोणाचे होते? शाळामास्तरांचे आणि त्यांच्या विद्यार्थ्यांचे.

रोमन साम्राज्याच्या काळात, विशेषतः इसवी सनाच्या दुसऱ्या शतकापासून, जुन्या अथेन्सची 'ॲटिक' बोली शुद्ध लिहिता येणे हे सुशिक्षितपणाचे लक्षण झाले. ती भाषा तेव्हा सहाशे वर्षे जुनी होती. आज कोणी ज्ञानेश्वरांच्या मराठीत रजेचा अर्ज लिहावा, तशातला प्रकार. पण प्रतिष्ठा होती, म्हणून पालक फी भरत आणि मुले घोकत. शिकवायला मोजकी नाटके निवडली गेली: एस्किलसची सात, सॉफोक्लीसची सात, युरिपिडीसची दहा. आणि अस्सल ॲटिक बोली, बाजारातली, घरातली, भांडणातली, कोणाकडे सापडणार? ॲरिस्टोफेनिसकडे. तेव्हा त्याची अकरा.

म्हणजे पाहा, या इरसाल कवीला वाचवले ते त्याच्या विनोदाने नव्हे, तर व्याकरणाने! ज्याने शिक्षकांची टर उडवण्यात एक अख्खे नाटक खर्ची घातले, त्याला शिक्षकांनीच पाठीवर घेऊन काळाची नदी ओलांडून दिली. पोथ्यांच्या समासांत त्यांच्या टिपा आजही आहेत. अमका माणूस कोण होता, तमक्या शब्दात काय खोच आहे, हे बारीक अक्षरात समजावलेले. विनोद समजावून सांगण्याइतके केविलवाणे काम जगात नाही. मी ते रोज करते. परंतु त्या केविलवाण्या टिपा नसत्या तर निम्म्या जागी आपण आज नुसते पाहत राहिलो असतो.

पुढे कॉन्स्टँटिनोपलच्या शाळांत अकरांतलीही तीनच मुख्यतः शिकवली जाऊ लागली आणि त्यांतले सर्वांत लाडके होते 'प्लूटस', म्हणजे 'संपत्ती'. लक्ष्मीपूजनाच्या दिवसांत वाचावे असे हे नाटक आहे. धनाचा देव आंधळा असतो, म्हणून तो लबाडांच्या घरी जातो आणि सज्जन उपाशी राहतात. एक म्हातारा शेतकरी त्याला धरून वैद्यदेवाच्या देवळात नेतो आणि त्याला दृष्टी मिळवून देतो. मध्येच दारिद्र्य नावाची बाई येऊन विचारते, मला हाकलून दिलेत तर काम कोण करील? नांगर कोण धरील, जोडे कोण शिवील? तिच्या या युक्तिवादाला कोणी धड उत्तर देत नाही. तिला नुसते हाकलून देतात.

अकराच्या अकरा नाटके असलेली जुनी पोथी जगात एकच आहे. दहाव्या शतकातली, इटलीत राव्हेन्ना येथे असलेली. स्त्रियांच्या उत्सवावरचे त्याचे एक नाटक आज आहे ते तिच्यामुळेच. १४९८ साली व्हेनिसला आल्डस मॅन्युशियसने ॲरिस्टोफेनिस प्रथम छापला तेव्हा त्यात नऊच नाटके होती.

इथपर्यंत वाचल्यावर मला आपल्या धंद्याचा मोठा अभिमान वाटला, हे कबूल करते. पण लगेच युरिपिडीस आडवा आला.

शाळांनी त्याची दहा नाटके निवडली होती. मग एकोणीस कशी? उरलेली नऊ कोणत्याही मास्तराने निवडलेली नाहीत. ती निव्वळ योगायोगाने वाचली. त्यांची ग्रीक नावे पाहिली तर वर्णमालेत एकमेकांच्या शेजारी येणाऱ्या मोजक्या अक्षरांनीच ती सुरू होतात. म्हणजे कोणे एके काळी युरिपिडीसचे समग्र वाङ्मय अक्षरक्रमाने लावलेले होते आणि त्यातला एक तुकडा तेवढा तगला. चौदाव्या शतकात तो कोणा चोखंदळ पंडिताच्या हाती लागला आणि त्याची नक्कल झाली. ती पोथी फ्लॉरेन्सला आहे. आजोबांच्या विश्वकोशाचा एकच खंड माळ्यावर सापडावा, तसे हे झाले.

आणि त्या तुकड्यात काय होते? सॅटर-नाटकांतले आज संपूर्ण उपलब्ध असलेले एकमेव नाटक, 'सायक्लॉप्स'. हरवलेल्या मुलाची आणि आईची भेट घडवणारे 'आयॉन'. दूर देशी बहीणभावांची ओळख पटून दोघे सुटतात ते 'टॉरिसमधील इफिजिनिया'. संकटातून निभावून गोड शेवटाकडे नेणारी ही नाटके. शाळेची दहाच उरली असती तर युरिपिडीस म्हणजे अंधार, सूड आणि आकांत, एवढेच आपण शिकलो आणि शिकवले असते. मास्तरांनी त्याला वाचवले खरे, पण त्याचा एकच चेहरा वाचवला. दुसरा चेहरा वाचला तो अपघाताने.

आता ज्याची गोष्ट सांगायची म्हणून मी लेखणी हाती घेतली, त्याच्याकडे येते. मिनँडर. पाली ग्रंथातला आपला मिलिंद राजा तो हा नव्हे. नाव तेच, माणूस निराळा. हा अथेन्सचा विनोदी नाटककार, जन्म इ. स. पू. ३४२ च्या सुमाराचा. त्याच्या काळी अथेन्सचे स्वातंत्र्य मॅसिडोनियाच्या टाचेखाली गेलेले. पुढाऱ्यांची नावे घेऊन टर उडवण्याचे दिवस संपले होते. त्याने घर नाटकात आणले. हट्टी बाप, प्रेमात पडलेले तरुण, चतुर गुलाम, टाकून दिलेले आणि पुन्हा सापडलेले मूल. आपल्याकडच्या कौटुंबिक सुखात्मिकेचे बी शोधत मागे मागे गेले तर शेक्सपिअर आणि मोलिएर, त्यांच्यामागे रोमचे प्लॉटस आणि टेरेन्स, आणि त्या दोघांच्या पाठीशी ज्यांच्याकडून त्यांनी कथानके घेतली त्या ग्रीकांत हा अग्रभागी उभा दिसतो.

त्याने शंभरावर नाटके लिहिली. त्याच्या मृत्यूनंतर कीर्ती इतकी वाढली, की अलेक्झांड्रियाच्या एका मोठ्या व्याकरणकाराला, त्याचेही नाव योगायोगाने ॲरिस्टोफेनिसच, प्रश्न पडला: मिनँडरने जीवनाची नक्कल केली की जीवनाने मिनँडरची? वक्तृत्व शिकणाऱ्याने त्याला अभ्यासावे अशी क्विंटिलियनची शिफारस होती. प्लूटार्कने तर त्याला ॲरिस्टोफेनिसाहून श्रेष्ठ ठरवले.

आणि तरीही तो गेला. कारण त्याची भाषा! ती ॲरिस्टोफेनिसानंतर शंभर वर्षांची, बोलीत मिसळलेली. शुद्धतेच्या अभिमान्यांनी तिच्यात चुका काढल्या. काही शतके शाळांत तग धरून तो हळूहळू मागे पडला आणि बायझंटाइन लेखनिकांनी नव्या लिपीत ग्रंथ उतरवले तेव्हा त्याचे एकही नाटक कोणी उतरवले नाही. सुभाषितांसारखी त्याची सुटी वाक्ये तेवढी राहिली. त्यांतले एक, कुसंगतीने चांगल्या सवयी बिघडतात अशा अर्थाचे, बायबलमध्ये संत पॉलच्या पत्रात जाऊन बसले आहे. हजार वर्षे मिनँडर म्हणजे एक थोर नाव आणि हाती काही नाही, अशी स्थिती होती.

त्याला परत दिले ते इजिप्तच्या वाळूने. ग्रीसच्या ओलसर मातीत पपायरस टिकत नाही; इजिप्तच्या कोरड्या वाळूत टिकतो. १९०५ साली गुस्ताव्ह लफेव्र हा फ्रेंच संशोधक तिथे कोम इश्काऊ गावी खणत होता. एका जुन्या घरात एक मोठे मडके निघाले. घर होते सहाव्या शतकातल्या डायॉस्कोरस नावाच्या वकिलाचे. मडक्यात त्याची खते, करार, दावे अशी महत्त्वाची कागदपत्रे जपून ठेवलेली. त्यांच्या वर, खालच्या दस्तऐवजांना धक्का लागू नये म्हणून, एका जुन्या पुस्तकाची पाने खुपसली होती. ती पाने मिनँडरची होती.

हे वाचले तेव्हा मी स्वयंपाकघरात उभी होते. समोर फळीवर लोणच्याची बरणी, तोंडाला दादरा बांधलेली. मला क्षणभर काही सुचेना. जपायचे काय होते? खरेदीखत! आणि त्याच्या रक्षणाला काय बसवले होते? ज्याला जगाने जीवनाचा आरसा म्हटले त्याचे नाटक. वकीलसाहेबांना दोष कसा द्यावा? ते स्वतः पद्ये रचणारे रसिक गृहस्थ होते. पुस्तक फाटले असेल. रद्दी आपणही वापरतोच.

त्यानंतर मिनँडर तुकड्यातुकड्यांनी येऊ लागला. ममींच्या आवरणासाठी रद्दी पपायरसचा पुठ्ठा करत. तो सोडवून त्याच्या एका नाटकाचे तुकडे निघाले. १९५८ सालच्या मुद्रणाने 'डिस्कोलस', म्हणजे 'तिरसट म्हातारा', जवळजवळ अखंड जगापुढे आले. इ. स. पू. ३१६ मध्ये ते स्पर्धेत पहिले आले होते. नेमॉन नावाचा एक शेतकरी माणसांचा तिटकारा करून एकटा राहतो. विहिरीत पडलेले अवजार काढायला जाऊन स्वतःच आत पडतो. ज्याला कधी धड बोलला नाही, तो सावत्र मुलगा त्याला वर काढतो. खाटेवर पडून म्हातारा कबूल करतो, की कोणाचीही गरज नाही असे मानण्यात आपली चूक झाली. पण स्वभाव? शेवटी स्वयंपाकी आणि गुलाम त्याला उचलून बळेच लग्नाच्या नाचात नेतात!

ते वाचून अनेक अभ्यासकांचा थोडा हिरमोड झाला. हजार वर्षे ज्याचे नाव ऐकले, तो हाच? इतका साधा? मला वाटते, साधेपणाची पारख नुसत्या नावावरून होत नाही. त्यासाठी ओळी हाती असाव्या लागतात. आता त्या आहेत. शोध अजून चालूच आहे: इजिप्तमध्ये २०२२ साली मिळालेल्या एका पपायरसवर युरिपिडीसच्या 'आयनो' आणि 'पॉलिडस' या दोन हरवलेल्या नाटकांच्या मिळून शंभराच्या आसपास ओळी आहेत, असे २०२४ मध्ये प्रसिद्ध झाले.

आता माझी कबुली. काही वर्षांपूर्वी मी एका अभ्यास मंडळावर होते. अभ्यासक्रमात एकोणिसाव्या शतकातला एक मराठी फार्स होता. पूर्वी मुख्य नाटक संपल्यावर शेवटी हसवायला अशी छोटी प्रहसने करत. सभेत कोणी तरी म्हणाले, मुलांना यातला विनोद कळत नाही. दुसरे म्हणाले, टिपा देऊन थकलो. ते खरेच होते. मीही थकले होते. मी हात वर केला. चहा येईपर्यंत फार्स गेला होता. आज त्याची नवी आवृत्ती निघत नाही, कारण खप नाही; खप नाही, कारण तो कुठे नेमलेला नाही. आमच्या ग्रंथालयात एक प्रत आहे, तिची पाने हात लावताच तुटतात. आणि आपल्याकडे इजिप्तची वाळू नाही. आपल्याकडे चार महिने पाऊस असतो आणि वाळवी.

सगळेच जुने अभ्यासक्रमात ठेवता येत नाही, हे मला ठाऊक आहे. नव्यालाही जागा हवीच. अथेन्सच्या प्रेक्षकांनी एकेका नाटकाला एकदा हसून घेतले आणि दुसऱ्या वर्षी नवे मागितले, म्हणून तर ती रंगभूमी बहरली. परंतु हात वर करताना आपण काय करतो आहोत हे मला कळलेले नव्हते. मला वाटले होते, आपण एक पुस्तक वगळतो आहोत.

सुट्टी संपल्यावर मी वर्गात हे सारे सांगितले. "काळाच्या ओघात" हे उत्तर मागे घेतले. मागच्या बाकावरची मुलगी म्हणाली, "मग तो फार्स आपण वाचू या ना." खिडकीजवळच्या मुलाने या वेळी परीक्षेचे विचारले नाही, विचारले असते तर मी 'नाही' म्हणून सांगणार होते.

जपून झेरॉक्स काढून आम्ही तो शनिवारी तास संपल्यावर वाचू लागलो. पहिल्या दिवशी अठरा जण आले, नंतर सात उरले. दोन ठिकाणी सगळे मोठ्याने हसले. चार-पाच ठिकाणी मी टीप दिल्यावर हसले. एका जागी मात्र, एका पगडीवरून केलेल्या कोटीपाशी, कोणालाच काही उमगेना. मलाही नाही. माझ्या आधी ज्यांनी ते शिकवले त्या सरांना कदाचित ठाऊक असेल; ते आता हयात नाहीत. कधीकाळी त्या वाक्याला नाट्यगृह नक्कीच हसले असणार.

त्या जागी आम्ही समासात पेन्सिलीने एक प्रश्नचिन्ह काढून ठेवले आहे.